हरवलेली ॲक्टिव्हेशन की : कुठे आणि कशी शोधावी

विकत घेतलेल्या व्हिडिओ गेमची ॲक्टिव्हेशन की म्हणजे अक्षरे आणि अंक यांची एक रांग. ही प्रत पैसे देऊन घेतलेली आहे, एवढेच ती कंपनीच्या यंत्रणेला सांगते. १९९८ साली आलेल्या हाफ-लाइफ आणि स्टारक्राफ्ट या गेमना १३ अंकांची की होती. मायक्रोसॉफ्टने पाच-पाच अक्षरांच्या पाच गटांची, २५ अक्षरांची की रूढ केली. स्टीमवर चालणारी की बहुधा १५ अक्षरांची, तीन गटांत मांडलेली असते. त्यामुळे जुन्या वहीत किंवा टेबलाच्या खणात एखादा बेवारस कोड सापडला, तर आधी त्याची अक्षरे मोजावीत. तो कोणत्या घराण्यातला आहे, याचा अंदाज तेवढ्यावरून येतो.

शोधाला लागण्यापूर्वी गेम कोणत्या काळातला आहे ते नक्की करावे. व्हाल्व कंपनीने स्टीम ही सेवा सप्टेंबर २००३ मध्ये सुरू केली आणि नोव्हेंबर २००४ मध्ये आलेल्या हाफ-लाइफ २ साठी ती सक्तीची केली. त्याआधीच्या बहुतेक गेममध्ये की तपासण्याचे काम सीडीवरचा इन्स्टॉलर घरच्या संगणकावरच करी. गेम पुन्हा टाकायचा तर की पुन्हा टाइप करावी लागे, म्हणून कागद जपणे भाग होते. स्टीमच्या पद्धतीत की एकदाच वापरली जाते. ती खात्यात जमा झाली की गेम त्या खात्याचा होतो आणि कागदावरच्या कोडचे काम तिथेच संपते. अशा गेमसाठी माळा उपसत बसणे म्हणजे निव्वळ वेळ घालवणे; तिथे शोधायचे असते ते खाते. या शोधात वाया जाणारे बहुतेक श्रम हा फरक आधी न केल्यामुळे वाया जातात. २००४ ते २०१२ या मधल्या वर्षांत मात्र दोन्ही पद्धती शेजारी शेजारी नांदत होत्या, त्यामुळे त्या काळातल्या गेमसाठी कागद आणि खाते दोन्ही धुंडाळावे लागतात.

की हरवण्याचा घर बदलण्याशी फार जवळचा संबंध आहे. दुर्ग-भिलाई या जोडशहरातल्या बोरसीसारख्या वस्तीत तो स्पष्ट दिसतो. भिलाईच्या पोलाद कारखान्याची पहिली झोतभट्टी फेब्रुवारी १९५९ मध्ये सुरू झाली आणि देशभरातून माणसे इथे नोकरीला आली. त्यांत विदर्भातली मराठी कुटुंबेही होती. नोकरी आहे तोवर सेक्टरमधले क्वार्टर, आणि निवृत्तीनंतर क्वार्टर रिकामे करून बोरसी, रिसाली किंवा पद्मनाभपूरकडे स्वतःचे घर, असा अनेकांचा क्रम राहिला. मुलांचा संगणक क्वार्टरमध्ये आला, मुले शिकायला नागपूर-पुण्याला गेली आणि सामान हलवताना गेमच्या रिकाम्या डब्या कोणाला कामाच्या वाटल्या नाहीत. तबकड्या चेन असलेल्या सीडी-पाकिटात राहिल्या आणि की छापलेली डबी मात्र रद्दीत गेली.

तरीही सगळेच गेलेले असते असे नाही. की छापण्याच्या जागा ठरलेल्या होत्या : माहितीपुस्तिकेचे मागचे पान, डबीच्या आतल्या बाजूला चिकटवलेली पट्टी, जुन्या चौकोनी सीडी-डबीच्या पाठीवरचा कागद किंवा तबकडीची कागदी पिशवी. स्वस्त आवृत्त्यांमध्ये काही वेळा पुस्तिका नसेच. तेव्हा कोड एका सुट्या चिठ्ठीवर येई आणि सर्वांत आधी तीच हरवे. तबकडीवर छापलेला क्रमांक पाहून पुष्कळांना की सापडल्याचा आनंद होतो, पण तो बहुतेकदा उत्पादनाचा किंवा साठ्याचा क्रमांक असतो. त्या लॉटमधल्या सगळ्या तबकड्यांवर तोच असतो. तबकड्या एका साच्यातून निघतात आणि की मात्र प्रत्येक प्रतीची वेगळी, म्हणून ती तबकडीवर क्वचितच छापली जाते.

घरातल्या शोधात डबीइतकीच महत्त्वाची ठिकाणे म्हणजे त्या काळातल्या वह्या. की दर वेळी टाइप करावी लागत असल्याने मुले ती शाळेच्या वहीच्या शेवटच्या पानावर, तबकडीवर मार्करने किंवा कॅबिनेटच्या बाजूला चिकटवलेल्या कागदावर लिहून ठेवत. संगणक जोडून देणाऱ्या दुकानदाराने दिलेली मदरबोर्डची खोकी, ड्रायव्हरच्या सीड्यांचा गठ्ठा आणि वॉरंटीची कागदपत्रे बहुतेक घरांत अजून असतात, कारण ती ‘महत्त्वाची’ म्हणून वडिलांनी वेगळी ठेवलेली असतात. गेमची पुस्तिका त्यांच्यात मिसळलेली सापडण्याचा संभव चांगला असतो.

की सापडली पण पुसट झाली आहे, असेही होते. अशा वेळी कागद सपाट ठेवून मोबाइलचा टॉर्च अगदी कडेने, तिरपा धरावा; शाई गेली तरी छपाईचा दाब पुष्कळदा उठून दिसतो. मग फोटो काढून त्याचा कॉन्ट्रास्ट वाढवावा. गोंधळ करणाऱ्या जोड्या ठरलेल्या आहेत : शून्य आणि ओ, एक आणि आय, पाच आणि एस, दोन आणि झेड, आठ आणि बी. मायक्रोसॉफ्टच्या २५ अक्षरी कीमध्ये यातले बरेच प्रश्न मुळातच सोडवलेले असतात. या कीसाठी २४ चिन्हांचा संच वापरला गेला आणि त्यातून शून्य, एक, पाच हे अंक, सगळे स्वर आणि एल, एन, एस, झेड ही अक्षरे वगळली होती. म्हणून अशा कीमध्ये दोन की झेड अशी शंका आली तर उत्तर नेहमी दोन असते. आठ आणि बी मात्र दोन्ही आहेत. तिथे दोन्ही करून पाहावे लागते. इतर कंपन्यांच्या कोडमधले एक अक्षर अजिबात वाचता येत नसेल तर फार तर ३६ शक्यता उरतात, दोन अक्षरे गेली तर १,२९६. पहिल्या प्रकरणात धीराने प्रयत्न करता येतो. दुसऱ्यात करू नये, कारण लागोपाठ चुकीचे कोड टाकल्यास स्टीमसारख्या सेवा त्या खात्यावरून कोड स्वीकारणे काही काळ बंद करतात.

कागद कुठेच नसला तर जुना संगणक पाहावा. गेम एकदा तरी त्याच्यावर टाकला असेल तर की बहुधा आत नोंदलेली असते, आणि ही नोंद गेम काढून टाकल्यावरही अनेकदा तशीच राहते. विंडोजमध्ये अशा नोंदी ‘रजिस्ट्री’ नावाच्या साठ्यात जातात. तो उघडण्यासाठी स्टार्टच्या चौकटीत ‘रेजएडिट’ असे टाइप करतात. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सच्या त्या काळातल्या गेमची पद्धत विशेष सरळ होती. नीड फॉर स्पीड : मोस्ट वॉन्टेड हा २००५ चा गेम घेतला, तर ‘लोकल मशीन’ या शाखेत ‘सॉफ्टवेअर’, त्यात ‘इलेक्ट्रॉनिक आर्ट्स’, त्यात गेमचे नाव आणि त्याच्या आत ई-आर-जी-सी या चार अक्षरांचा कप्पा असतो. त्या कप्प्यात की उघडी लिहिलेली असते. कॉल ऑफ ड्यूटी या मालिकेतल्या सुरुवातीच्या गेमची की ‘ॲक्टिव्हिजन’ या कप्प्यात ‘सीओडी-की’ या नावासमोर सापडते. विंडोज ६४ बिटचे असेल तर हे सगळे ‘सॉफ्टवेअर’ खालच्या ‘वाव-६४३२-नोड’ या आणखी एका कप्प्याच्या आत गेलेले असते. तो न उघडल्यामुळे पुष्कळ जण नोंद नाहीच असे समजून परत फिरतात.

काही गेम की रजिस्ट्रीत न ठेवता स्वतःच्या फोल्डरमध्ये एका छोट्या फाइलमध्ये ठेवत. क्वेक ३ च्या ‘बेस-क्यू-३’ फोल्डरमधली ‘क्यू-३-की’ आणि डूम ३ च्या ‘बेस’ फोल्डरमधली ‘डूम-की’ या त्यातल्या ठळक. दोन्ही फाइली साध्या नोटपॅडमध्ये उघडतात. आपल्याकडच्या संगणकांच्या बाबतीत या फरकाला फार महत्त्व आहे. दुकानदार हार्ड डिस्कचे सी, डी, ई असे भाग पाडून देत, विंडोज सी वर राही आणि मोठे गेम जागेसाठी डी किंवा ई वर टाकले जात. व्हायरस आला की सी फॉरमॅट होई. त्यात रजिस्ट्री पुसली जाई, पण डी वरचा गेमचा फोल्डर जसाच्या तसा राही. कितीही वेळा विंडोज नव्याने टाकले असले तरी अशा फोल्डरमधली की टिकून राहू शकते. विंडोज फॉरमॅट न करता वरून टाकले असेल, तर सी वरच ‘विंडोज-ओल्ड’ नावाच्या फोल्डरमध्ये जुनी रजिस्ट्रीही सापडू शकते.

संगणक सुरूच होत नसेल तरी हार्ड डिस्क चांगली असू शकते. कॅबिनेट कबाड्याला देण्यापूर्वी ती काढून घ्यावी. २००३-०४ पर्यंतच्या डिस्कला रुंद पट्टीची, ४० पिनांची आयडीई केबल लागते, नंतरच्या बहुतेकांना अरुंद साटा केबल. दोन्ही प्रकार यूएसबीला जोडणारे अडॅप्टर मिळतात. डेस्कटॉपच्या साडेतीन इंची डिस्कसाठी मात्र वेगळा वीजपुरवठा असलेलाच घ्यावा, कारण यूएसबीतून येणाऱ्या विजेवर ती फिरत नाही. डिस्क दुसऱ्या संगणकाला जोडल्यावर तिच्यातल्या ‘विंडोज’, ‘सिस्टम-३२’, ‘कॉन्फिग’ या फोल्डरांमध्ये ‘सॉफ्टवेअर’ नावाची, कोणतेही शेपूट नसलेली एक फाइल दिसते. जुन्या संगणकाची रजिस्ट्री ती हीच. तिची प्रत नव्या संगणकावर घ्यावी, रेजएडिट उघडून ‘लोकल मशीन’ निवडावे, फाइल मेनूतल्या ‘लोड हाइव्ह’ या पर्यायाने ती प्रत जोडावी आणि तिला ‘जुना’ असे काही नाव द्यावे. मग बंद पडलेल्या संगणकाची सगळी नोंदवही चालू संगणकावर वाचता येते. काम झाल्यावर ‘अनलोड हाइव्ह’ करावे. हाफ-लाइफसारखे काही गेम की वापरकर्त्याच्या स्वतंत्र नोंदीत ठेवत. त्यासाठी ‘डॉक्युमेंट्स अँड सेटिंग्ज’ मध्ये त्या वापरकर्त्याच्या फोल्डरातली ‘एनटी-यूझर’ ही फाइल याच रीतीने जोडतात. डिस्क जोडल्यावर टकटक असा आवाज येऊ लागला तर लगेच बंद करावी. प्रत्येक फेरीत तिची अवस्था आणखी बिघडते आणि तिच्यावर घरातले फोटो असतील तर ते गेमच्या कीपेक्षा कितीतरी मोलाचे असतात.

रजिस्ट्रीत स्वतः शिरण्याची भीती वाटते म्हणून पुष्कळ जण ‘की शोधून देणारे’ सॉफ्टवेअर उतरवतात. त्यांतली काही प्रामाणिक आहेत. बेलार्क ॲडव्हायझर हे जुने नाव, पण त्याचा भर विंडोज आणि ऑफिसच्या कीवर आहे. धोका असतो तो नव्या की ‘बनवून’ देणाऱ्या कार्यक्रमांत. त्यांतून ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड चोरणारे सॉफ्टवेअर पसरवले जाते आणि एका गेमच्या नादात ईमेल, बँक आणि स्टीम अशी सगळीच खाती दुसऱ्याच्या हाती जाऊ शकतात. पैशाची फसवणूक झालीच तर १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर ताबडतोब कळवावे; रक्कम रोखता येण्याची शक्यता पहिल्या काही तासांतच असते. त्या काळात भारतीय बाजारात चोरीच्या प्रतींचा सुळसुळाट होता, हेही इथे लक्षात घ्यावे लागते. वेष्टनावर हाताने लिहिलेली किंवा तबकडीतल्या टेक्स्ट फाइलमध्ये दिलेली की बहुधा एकच असे आणि ती हजारो प्रतींत फिरत असे. अशी की सापडली तरी कोणतीही कंपनी ती मान्य करत नाही.

ऑनलाइन घेतलेल्या गेमचा शोध ईमेलमध्ये करावा. त्यासाठी गेमच्या नावाने शोधण्यापेक्षा विक्रेत्याच्या नावाने शोधणे फलदायी ठरते, कारण पावतीत गेमचे नाव संक्षेपाने लिहिलेले असते. ‘ऑर्डर’, ‘इनव्हॉइस’, ‘रिडीम’, ‘ॲक्टिव्हेशन’ हे इंग्रजी शब्द टाकून पाहावेत आणि स्पॅमची पेटीही उघडावी. २०१० पासून चालू असलेली हंबल बंडल ही सेवा खरेदीच्या वेळचा ईमेल पत्ता दिला की सगळ्या खरेदीचे दुवे पुन्हा पाठवते; खाते उघडलेले नसले तरी हे चालते. अडचण येते ती ईमेलच बंद पडलेला असतो तेव्हा. जीमेल २००४ साली आले, पण त्यानंतरही कित्येक घरांत रेडिफमेल आणि याहूचे पत्ते वापरात होते. दोन वर्षे न उघडलेली खाती गूगल डिसेंबर २०२३ पासून काढून टाकू लागले आहे. म्हणून जुना पत्ता आठवला तर, की त्यात असो वा नसो, आधी त्यात एकदा लॉग-इन करून तो जिवंत ठेवावा.

खाते सापडले की बाकीचे सोपे होते. स्टीममध्ये खात्याच्या तपशिलात आजवर स्वीकारलेल्या सर्व परवान्यांची तारीखवार यादी असते, आणि ज्या गेमना स्वतःची वेगळी सीडी-की लागते त्यांची की लायब्ररीत गेमच्या नावावर उजवी क्लिक करून ‘मॅनेज’ खाली पाहता येते. कागदावरची जुनी की सापडली पण तबकडी खराब झाली, तर ती स्टीमच्या ‘ॲक्टिव्हेट अ प्रॉडक्ट’ या चौकटीत टाकून पाहायला हरकत नाही. हाफ-लाइफची मूळ १३ अंकी की स्टीमने स्वीकारली आहे. ब्लिझार्ड आपल्या अनेक जुन्या गेमची की बॅटल-नेट खात्यात घेते. इलेक्ट्रॉनिक आर्ट्सचे खाते २०११ पासून ओरिजिन या नावाने चाले, २०२२ मध्ये त्याची जागा ईए ॲपने घेतली. खाते तेच राहिले, त्यामुळे ओरिजिनवरचे गेम शोधायचे तर ईए ॲपमध्येच शोधावेत.

खात्याचा पासवर्ड, ईमेल आणि जुना मोबाइल नंबर असे तिन्ही गेले असतील, तर वापरून झालेल्या कीचा कागद अचानक मोलाचा ठरतो. खाते आपलेच आहे हे सिद्ध करण्यासाठी स्टीमचा मदत विभाग त्या खात्यात जमा झालेल्या छापील कीचा फोटो पुरावा म्हणून मागतो. त्यांनी दिलेला संदर्भ क्रमांक त्या कागदावर हाताने लिहून फोटो पाठवायचा असतो. दुसरा पुरावा पैशाचा. स्टीमवर २०१५ च्या अखेरीस रुपयात किमती आल्या. त्याआधी भारतीय ग्राहक डॉलरमध्ये पैसे भरत. त्यामुळे त्या काळातल्या क्रेडिट कार्डाच्या विवरणपत्रात ही खरेदी परदेशी व्यवहार म्हणून वेगळी उठून दिसते. वडिलांच्या कार्डावरून पैसे भरलेले असत, म्हणून पुण्यात किंवा बंगळुरूत बसलेल्या मुलाच्या खात्याचा पुरावा बोरसीच्या घरातल्या बँकेच्या फाइलमध्ये निघू शकतो. दुकानाचे बिल थर्मल कागदावर असेल तर त्याचा फोटो लगेच काढावा. उन्हाळ्यात ४५ अंशांपर्यंत तापणाऱ्या या भागात ती छपाई फार टिकत नाही.

परदेशी गेलेल्यांसाठी एक जादा अडसर असतो. भारतात कमी किमतीत विकलेल्या काही प्रतींच्या की इथल्या प्रदेशापुरत्याच चालतात. अशी न वापरलेली की अमेरिकेतल्या मुलाला कळवून उपयोग होत नाही.

विक्रेत्याने की दिलीच नाही, किंवा दिलेली आधीच वापरलेली निघाली, तर ती हरवलेली की नव्हे, सेवेतली त्रुटी ठरते. त्यासाठी ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ कामी येतो. आधी १९१५ या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवावी. तिथे भागले नाही तर जिल्हा आयोगाकडे जाता येते, आणि नव्या कायद्याने दिलेली मोठी सोय अशी की तक्रारदार जिथे राहतो तिथल्याच आयोगात अर्ज करता येतो. संकेतस्थळ मुंबईचे असो वा बंगळुरूचे, बोरसीच्या ग्राहकाला दुर्गचा आयोग पुरतो. पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्क नाही. मुदत तक्रारीचे कारण घडल्यापासून दोन वर्षांची. स्वतःच्या हातून हरवलेल्या कीसाठी मात्र कायद्याचा आधार नाही. तिथे प्रकाशक कंपनीला तबकडी, डबी आणि बिल यांचे फोटो पाठवून विनंती करणे एवढेच उरते. टीएचक्यूसारखी कंपनी दिवाळखोरीत निघून जानेवारी २०१३ मध्ये तिचे गेम वेगवेगळ्या कंपन्यांकडे गेले, तशा वेळी विनंती गेमच्या आजच्या मालकाकडे करावी लागते.

शेवटी, की सापडूनही गेम चालत नाही अशी प्रकरणे उरतात, आणि ती थोडी नाहीत. २००८ च्या स्पोर या गेमची की सुरुवातीला तीनच संगणकांवर चाले. मर्यादा संपली असेल तर की बरोबर असूनही नकार येतो. सेफडिस्क हे संरक्षण असलेल्या तबकड्या विंडोज १० वर चालत नाहीत, कारण त्याला लागणारा विंडोजमधला भाग मायक्रोसॉफ्टने २०१५ मध्ये सुरक्षेच्या कारणाने वगळला. गेमस्पाय ही सेवा मे २०१४ अखेर बंद झाल्यावर तिच्यावर अवलंबून असलेल्या अनेक गेमचा ऑनलाइन खेळ थांबला. ग्रँड थेफ्ट ऑटो ४ चे उदाहरण तर प्रकाशकालाच की न मिळाल्याचे आहे : गेम्स फॉर विंडोज लाइव्ह ही यंत्रणा मायक्रोसॉफ्टने सोडून दिल्याने नव्या की तयार होईनात, म्हणून जानेवारी २०२० मध्ये गेम स्टीमच्या विक्रीतून काढावा लागला आणि ती यंत्रणा वगळून मार्चमध्ये परत आणावा लागला. उलट काही ठिकाणी कीची गरजच संपली आहे. मूळ स्टारक्राफ्ट २०१७ पासून मोफत मिळतो. २००८ मध्ये सुरू झालेल्या जीओजी या दुकानातले जुने गेम कीशिवाय चालतात आणि नव्या विंडोजसाठी सुधारून दिलेले असतात. स्टॉकर या मालिकेच्या जुन्या की घेऊन त्या बदल्यात आपली प्रत देण्याची योजनाही त्यांनी २०१५ मध्ये राबवली होती. म्हणून बंद पडलेली डिस्क दुरुस्तीला देण्यापूर्वी तो गेम तिथे काय किमतीला आहे ते पाहून घ्यावे. सवलतीच्या दिवसांत ही किंमत यूएसबी अडॅप्टरपेक्षाही कमी असू शकते.